चारशे बाराची मागची बाजू

आमच्या कार्यालयात प्रदेशांना नावानं हाक मारत नाहीत, नंबरानं मारतात. "अहो, त्या दोनशे सातला वाळवी लागलीय," असं कोणी म्हणालं तर घाबरायचं नसतं. अख्खा डोंगराळ मुलूख वाळवीनं खाल्लेला नसतो, फक्त त्याचा खण खाल्लेला असतो.

स्थलनामकोश आहे आमचा. जुन्या दगडांवर, ताम्रपटांवर, पोथ्यांत आणि प्रवाशांच्या वह्यांत गावांची, नद्यांची, विहिरींची, प्रदेशांची नावं कुठे कुठे आली ते शोधायचं, प्रत्येक ठिकाणाची एक चिठ्ठी करायची आणि चिठ्ठ्या पुरेशा जमल्या की कोशाचा एक खंड काढायचा. चिठ्ठ्या चार लाख जमल्या आहेत. खंड तीन निघाले आहेत. काम सुरू होऊन एकसष्ट वर्षं झाली आणि आमच्या संपादक बाई म्हणतात, आता कुठे वेग आलाय.

चारशे बारा हा एक प्राचीन प्रदेश. त्याच्या चिठ्ठ्या पाच. पहिली एका शिलालेखाची: एक राजा म्हणतो, मी हा प्रदेश जिंकला. दुसरी चाळीस वर्षांनंतरच्या शिलालेखाची: त्याच राजाचा नातू म्हणतो, मी हा प्रदेश जिंकला. म्हणजे मधे केव्हातरी तो हातचा गेला होता, पण गेल्याचा शिलालेख कोणी काढत नाही. तिसरी चिठ्ठी ताम्रपटाची, त्यात तिथलं एक गाव दान दिलंय. चौथी एका परक्या प्रवाशाची. त्यानं लिहिलंय, पाणी चांगलं, माणसं फार चौकशा करतात. पाचवी एका कवितेतली. तिथे प्रदेशांची यादी आहे आणि आमचा प्रदेश बहुधा ओळ भरायला घेतलाय.

त्यानंतर सहाशे वर्षं काहीच नाही.

मग एका शाळामास्तरचं भूगोलाचं पुस्तक येतं, त्यात हे नाव पुन्हा उगवतं आणि तिथून पुढे ते थांबतच नाही. आज त्या नावाची बँक आहे, वर्तमानपत्र आहे, साबण आहे. फक्त मधली सहाशे वर्षं नाहीत.

समितीच्या अध्यक्षांचं म्हणणं सरळ होतं. "नाव मेलं होतं. मास्तरनं शिलालेखातून उकरून काढलं आणि पोरांना पाठ करायला लावलं. सहाशे वर्षं गायब असलेला माणूस दारात उभा राहिला तर आपण आधी विचारतो, बाबा रे, तू तोच कशावरून?" सोमवारी बैठक होती. तोवर मधला पुरावा आला नाही तर चारशे बाराची स्वतंत्र नोंद रद्द होणार होती. त्या जागी एकच ओळ छापायची: पाहा, चारशे तेरा. चारशे तेरा म्हणजे शेजारचा प्रदेश.

माझं त्यात काही जात नव्हतं. जात होतं ते मधलेकाकांचं.

मधलेकाका आमच्याकडे चिठ्ठ्या लिहायचे. निवृत्त होऊन एकवीस वर्षं झाली. मधले हे त्यांचं आडनाव नाही. चारशे बाराचा मधला पुरावा ते जन्मभर शोधत होते म्हणून ते चिकटलं आणि इतकं घट्ट बसलं की निवृत्तीच्या मानपत्रावरही 'श्रीयुत मधले' असंच छापून आलं. काकांनी ते तसंच भिंतीवर लावलंय.

त्यांची आई चारशे बाराची. शाळेची पायरी न चढलेली. कोणी "कुठली गं तू?" विचारलं की ती गावाचं नाव सांगायची नाही, प्रदेशाचं सांगायची. काकांचं म्हणणं एवढंच, की माझ्या आईला हे नाव मास्तरच्या पुस्तकातून मिळणं शक्य नाही, कारण पुस्तक सुलटं धरलंय की उलटं हेही तिला कळायचं नाही. तिला ते तिच्या आईकडून आलं, तिच्या आईला तिच्या आईकडून. हे त्यांनी तीस वर्षांपूर्वी समितीपुढे मांडलं होतं. तेव्हाचे अध्यक्ष, म्हणजे आताच्या अध्यक्षांचे गुरू, म्हणाले, "आईचं तोंड हा लिखित पुरावा नव्हे." हे वाक्य इतिवृत्तात आहे. खाली काकांची सही आहे, कारण इतिवृत्त लिहायचं काम त्यांच्याकडेच होतं.

आता माझ्या चुकीकडे येतो.

चिठ्ठ्यांचे फोटो काढून संगणकात भरायचं काम माझ्याकडे आहे. यंत्रात गठ्ठा ठेवायचा, बटण दाबायचं, यंत्र एकेक चिठ्ठी गिळून दुसरीकडून बाहेर टाकतं. आमच्या चिठ्ठ्यांची फक्त पुढची बाजू लिहिलेली असते. नियम चौथा: मागील बाजूस काहीही लिहू नये. त्यामुळे मागची बाजू बघायचं एकसष्ट वर्षांत कोणाला कारणच पडलं नाही. बुधवारी मी यंत्र दोन्ही बाजूंवर ठेवलं आणि जेवायला गेलो.

"किती कोऱ्या बाजूंचे फोटो काढलेस?" बाईंनी विचारलं.

"अकराशे चाळीस."

"छान. कोऱ्या कागदांचा एवढा मोठा संग्रह दुसरीकडे कुठे नसेल. आता एकेक उघड, बघ आणि पूस. सगळं एकदम निवडून पुसायचं नाही. मागच्या वेळी तू तेच केलंस आणि नद्या गेल्या."

"नद्या परत आणल्या होत्या, बाई."

"तीन आल्या नाहीत."

"लहान होत्या त्या."

"बस खाली."

मी बसलो. कोरं, पूस. कोरं, पूस. दोनशेच्या पुढे केव्हातरी एक बाजू कोरी नव्हती. जाड, पिवळसर कागद आणि त्यावर जुन्या वळणाचं अक्षर. हे वळण वाचण्याचा दोन महिन्यांचा वर्ग मी केलाय, त्यात शंभरात बेचाळीस पडले होते. तेवढ्या बेचाळीसच्या बळावर मी वाचलं: माणूस एक, बाई, म्हातारी. सोबत बदकं दोन. कुठली... आणि कागद कापलेला.

मग तसल्या आणखी निघाल्या. न्हावी एक, सोबत आरसा, वाटभर त्यातच बघतो. माणसं चार, बकरी एक, बकरी चढत नाही. त्याखाली: दुसऱ्या खेपेला चढली.

ही कुठल्यातरी नदीवरच्या नावेची वही होती. घाटावर बसलेला कारकून पलीकडे जाणाऱ्या प्रत्येकाला तीन प्रश्न विचारत होता: कुठले, कुठे निघालात, सोबत काय. शाई पलीकडे फुटते म्हणून त्यानं पानाच्या एकाच बाजूला लिहिलं होतं. दुसरी बाजू कोरी राहिली होती आणि त्या कोऱ्या बाजूवर आमच्या लोकांनी चिठ्ठ्या लिहिल्या होत्या.

पुढे एक कुंभार आला. सोबत काही नाही. कुठला, तर चारशे बारा. अर्थात तो चारशे बारा म्हणाला नव्हता. त्यानं नाव सांगितलं होतं, पूर्ण, आज साबणावर आहे तसंच.

मी बराच वेळ त्या कुंभाराकडे बघत बसलो. तो कोणाला जिंकत नव्हता, कोणाला दान देत नव्हता. त्याला फक्त पलीकडे जायचं होतं. पण विचारल्यावर त्यानं नीट सांगितलं आणि समोरच्यानं नीट लिहून घेतलं. मला दोघांचे पाय धरावेसे वाटले. माझ्याकडून अशा भावना सहसा येत नाहीत, म्हणून मी उठून पाणी प्यायलो.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत चारशे बाराचे नऊ जण निघाले. मी बाईंना दाखवले. बाईंनी चष्मा काढला, पुसला, घातला, पुन्हा काढला. मग म्हणाल्या, "चहा सांग." आमच्याकडे चहा मीच करतो. मी मला सांगितलं आणि गेलो.

परत आलो तेव्हा बाई विचारात होत्या. "वही कधीची, ते कशावरून ठरवायचं? तारीख पहिल्या पानावर असणार. त्याशिवाय अध्यक्ष म्हणतील, ही मास्तरच्या नंतरची आहे."

"पहिलं पान कुठे असेल?"

"चार लाखांत कुठेतरी. आठ तुकड्यांत. बैठक सोमवारी." त्यांनी कपाकडे बघितलं. "सुरुवातीला कागदाला पैसे नव्हते. रद्दी आणून कापायचे. कापायला एकच मुलगा होता, अठरा वर्षांचा. त्यालाच माहीत असणार कुठला कागद कोणाला गेला."

"मग त्याला विचारू की."

"तो पुढे चिठ्ठ्या लिहायला लागला. मग निवृत्त झाला." बाई थांबल्या. "त्याला मानपत्र दिलं आपण."

मी पत्त्यांच्या वहीत मधलेकाकांचं पान काढलं.

"तू जा," बाई म्हणाल्या. "तुझ्या तोंडून वाईट बातमीसुद्धा चेष्टेसारखी वाटते."

"ही स्तुती आहे का, बाई?"

"नाही."

मधलेकाका तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांत राहतात. शनिवारी सकाळी गेलो तेव्हा काकू शिलाई मशीनवर बसल्या होत्या आणि काका त्यांची बटणं लावत होते. म्हणजे शर्टाला नव्हे. आकारानं, रंगानं आणि भोकांच्या संख्येनं वेगवेगळ्या डब्यांत. प्रत्येक डब्याला नंबर होता.

"सोमवारी काय होतंय माहितीये मला," काका म्हणाले. "पाहा, चारशे तेरा. होऊ दे. माणसानं किती दिवस धरून ठेवायचं."

"काका, मधला पुरावा सापडलाय."

त्यांच्या हातातलं बटण हातातच राहिलं. "कुठे?"

"आपल्याच कार्यालयात."

"शक्य नाही. कुठल्या खणात?"

"सगळ्या."

"सगळ्या म्हणजे रे?"

"चिठ्ठ्यांच्या मागे."

काका नऊ वर्षं चिठ्ठी तपासनीस होते. त्यांना फार सांगावं लागत नाही. "जाड कागद? पिवळट? वरच्या कडेला पाण्याचा डाग?"

"हो."

"ती मी कापली."

"हो, काका."

मशीन थांबली होती. काका डब्यांकडे बघत होते. मी वाटभर तीन विनोद तयार करून आणले होते, त्यातला एकही तोंडातून निघेना.

निघालं ते काकूंचं हसू. आधी त्यांनी पदरानं दाबून पाहिलं. "अहो, काखेत कळसा आणि गावाला वळसा ऐकलं होतं मी! ह्यांनी कळशाचेच तुकडे केले आणि कामावर सगळ्यांना वाटून टाकले!"

"अगं, मला तेव्हा ते वळण वाचता येत नव्हतं," काका हळूच म्हणाले. "तीन वर्षांनी शिकलो. आणि शिकलो कशासाठी, तर हेच शोधायला." मग म्हणाले, "आई होती तेव्हा. दाखवता आलं असतं तिला."

काकूंचं हसू थांबलं. त्या उठून काकांच्या बाजूला येऊन बसल्या.

मी म्हणालो, "काका, त्या रद्दीत आणखी काय होतं?"

"गाडीभर होती. वह्याच वह्या."

"त्यांचं काय झालं?"

"लगद्याच्या गिरणीत गेल्या. माझा हात एवढ्या एकीला लागला. कागद चांगला होता, टाक छान चालायचा."

"म्हणजे तुम्ही कापली नसती तर तीही लगद्यात गेली असती. आज ती साबणाचं खोकं असती. तुम्ही कापलीत, तिला नंबर घातलेत, एकसष्ट वर्षं डांबराच्या गोळ्या घालून खणात ठेवलीत. अख्खी वही एवढी कोणी जपली नसती, काका. मी तर म्हणतो, उपकार झाले."

ते माझ्याकडे बघत राहिले. मी चेष्टा करतोय का, ते तपासत असावेत. मी करत नव्हतो. मलाही नवीनच होतं ते.

"नंबर मीच घातले होते," ते अखेर म्हणाले. "सुवाच्य."

"आता पहिलं पान पाहिजे. कोणाला गेलं असेल?"

काकांनी डोळे मिटले. उजवा हात कापायचं पातं खाली आणावं तसा हलला, एकदा, दोनदा. "एका पानाच्या आठ. पहिला गठ्ठा नेहमी खिडकीजवळच्या बाईंना. त्यांना बस पकडायची असायची. त्या विहिरी लिहायच्या."

"कुठल्या विहिरी?"

"आधी गोड्या पाण्याच्या. खाऱ्या पुढच्या वर्षी."

रविवारी बाईंनी कार्यालय उघडलं. गोड्या पाण्याच्या पहिल्या खणात दुपारी एकपर्यंत आम्हाला पहिलं पान सापडलं, आठपैकी सात तुकडे. जुळवले. घाटाचं नाव होतं. वही कोणाच्या हुकमानं घातली ते होतं. सातव्या तुकड्याच्या शेवटी 'साल' असा शब्द होता आणि आठव्याच्या जागी एक गुलाबी कार्ड: चिठ्ठी अभ्यासकास दिली, आठ दिवसांत परत. कार्ड तेहतीस वर्षांचं होतं. त्यावर फोन नंबरही होता, पाच आकडी. मी लावून पाहिला. बाई म्हणाल्या, "काय म्हणतात?" मी म्हणालो, "हा नंबर जन्मलाच नाही म्हणतात."

मी काकांना फोन करून सांगितलं. मग ते म्हणाले, "बरं," आणि फोन ठेवला.

सोमवारी अकराला बैठक बसली. समितीचे सहा जण, बाई आणि मी. अध्यक्ष काही दुष्ट माणूस नाहीत. त्यांनी सगळे तुकडे एकेक करून वाचले, बकरीपाशी हसले, कुंभारापाशी थांबले. "फार सुंदर आहे हे," ते म्हणाले, आणि ते मनापासून म्हणाले. "पण बाई, तारीख? ही वही मास्तरच्या पुस्तकानंतरची नाही, हे मी छापून कशाच्या बळावर देऊ?"

"घाटाचं नाव जुनं आहे," बाई म्हणाल्या.

"नाव जुनं असूनही माणसं ते आजवर वापरू शकतात. हेच तर तुम्ही चारशे बाराबद्दल सांगताय ना?"

अध्यक्षांनी पेनाचं टोपण काढलं.

तेवढ्यात दार उघडलं आणि मधलेकाका आत आले. एकवीस वर्षांत पहिल्यांदा. मागे काकू, जिन्यानं धापा टाकत.

"पहिलं पान मी वाटलं होतं," काका म्हणाले. "शेवटचं कोणी घेतलं नाही. गठ्ठ्यातल्या शेवटच्या एक-दोन चिठ्ठ्या उरायच्या, त्या मला अक्षर गिरवायला द्यायचे."

त्यांनी खिशातून एक पाकीट काढलं. आत एक चिठ्ठी. तिच्यावर एकच अक्षर चाळीस-पन्नास वेळा गिरवलेलं, शेवटच्या ओळीत ते खरोखर देखणं झालेलं.

"लग्न ठरलं तेव्हा हे दाखवायला आणलं होतं ह्यांनी," काकू म्हणाल्या. "दुसरे लोक फोटो आणतात. तेव्हापासून माझ्या मशीनच्या खणात आहे. मी त्याला मापाची टेप गुंडाळून ठेवते."

"उलटी करून कधी पाहिली नाही?" अध्यक्षांनी विचारलं.

"नियम चौथा," काका म्हणाले. "काल पाहिली. वाचा तुम्ही."

अध्यक्षांनी चिठ्ठी उलटी केली. जुनं वळण त्यांना झरझर वाचता येतं, पण ते सावकाश वाचत होते. आधी साल आलं, मग महिना. ते साल ऐकलं आणि बाईंनी टेबलाची कड धरली, कारण ते सहाशे वर्षांच्या त्या भोकाच्या जवळजवळ मध्यावर पडत होतं. मग अध्यक्ष पुढे वाचू लागले:

"आजपासून वही नव्या कारकुनाच्या हाती. आजची खेप शेवटची. माणूस एक, जुना कारकून. सोबत दौत." ते थांबले. "कुठला..." आणि त्यांनी चारशे बाराचं नाव वाचलं. "कुठे निघाला. घरी."

अध्यक्षांनी पेनाला टोपण लावलं. "नोंद राहील," ते म्हणाले. मग काकांकडे न बघता म्हणाले, "आमच्या सरांचं ते वाक्य इतिवृत्तातून काढता येत नाही, काका. पण खाली टीप देता येईल. मजकूर तुम्ही सांगा."

"टीप नंतर," काका म्हणाले. "आधी चिठ्ठी."

चारशे बाराची सहावी चिठ्ठी त्यांनी तिथेच लिहायला घेतली. खुर्ची अध्यक्षांनी दिली, स्वतःची. काका प्रत्येक अक्षर गिरवल्यासारखं सावकाश काढत होते आणि बैठकीचे बाकीचे विषय आपोआप पुढे ढकलले गेले. नाव. साल. कशात सापडलं. मग 'नाव कोणी सांगितलं' हा रकाना आला. आधीच्या पाच चिठ्ठ्यांवर तिथे तीन राजे, एक प्रवासी आणि एक कवी आहेत. काकांनी टाक शाईत बुडवला, थोडा विचार केला आणि लिहिलं: नदी ओलांडणाऱ्या माणसांनी, विचारलं तेव्हा.

शाई वाळेपर्यंत सगळे उभे होते. मग बाईंनी मला चहा सांगितला, दहा कप, आणि मी मला सांगण्याआधीच निघालो.